या, का, नी, पी, लो!
फँटसी कादंबऱ्यांत जादूची चिन्हं गुणगुणतात म्हणे. अहो, आमच्या चाळीसगावजवळच्या पाटणला बोलती चिन्हं खरीच शिकवायला घेतली होती! आजोबा भास्कराचार्यांचे ग्रंथ शिकवायला चांगदेवाने तिथे मठ काढला. १२०७ चा शिलालेख साक्षीला आहे.

त्यांच्या 'बीजगणिता'त पहिली अज्ञात संख्या 'या', म्हणजे यावत्तावत्. पुढच्या सगळ्या रंगांच्या: का काळी, नी निळी, पी पिवळी, लो तांबडी. 'या ५ रू ३' म्हणजे आपलं ५क्ष + ३. समीकरण चक्क मोठ्याने म्हणायचं!

आणि आम्ही? फोनवर कोडची एक ओळ सांगताना कंस, स्लॅश, अंडरस्कोअर करत जीभ अडखळते. तोंडात बसतं तेच डोक्यात राहतं. म्हणून हल्ली व्हेरिएबलचं नाव आधी म्हणून बघतो, मगच टाइप करतो.