वारूळ आणि चावीचे घड्याळ

काही वर्षांपूर्वी आम्ही एक अद्भुतकथा लिहावयास घेतली होती. तीत मांत्रिकांचा एक पंथ होता. घड्याळाच्या चक्रांवर ते बुरशी जोपासत आणि तिच्या तंतूंनी काळ मागे ओढून आणीत. कल्पना आमची आम्हालाच अपूर्व वाटली. कथा मात्र दहाव्या पानापुढे सरकेना.

त्या दिवसांत आमचा मुक्काम नांदगावच्या घरी होता. मनमाड-भुसावळ मार्गावरील गाड्यांच्या वेळांवर वडिलांचे अवघे आयुष्य बेतलेले. पण आता सकाळ आणि संध्याकाळ यांतील भेद त्यांना उमगत नसे. भिंतीवरच्या घड्याळाला चावी देणे तेवढे ते विसरत नसत. पुरती भरलेली चावी दिवसातून चार-चारदा पिळू पाहत.

एकदा पाऊस उघडल्यावर गावाबाहेरच्या बांधावर, वारुळाच्या अंगावर, पांढऱ्या छत्र्या उगवलेल्या दिसल्या. वाळवीच्या काही जाती वारुळाच्या पोटात बुरशीची बाग राखतात. पावसाळ्यात तीच बाहेर डोकावते. म्हणजे आमच्या मांत्रिकांची अर्धी विद्या वाळवीला केव्हाच अवगत होती. आणि उरलेली? वारूळ म्हटले की च्यवन आठवणारच.

वनपर्वातील च्यवनाभोवती तप करता करता वारूळ चढले. सुकन्येने कुतूहलाने काट्याने त्याचे डोळे टोचले आणि पुढे त्याच वृद्ध, जर्जर ऋषीशी तिचा विवाह झाला. अश्विनीकुमारांनी त्याला सरोवरात नेऊन तरुण केले. काळ मागे फिरला खरा. परंतु पाण्यातून तिघेही एकसारखेच वर आले. त्यांतून आपला पती सुकन्येला ओळखून काढावा लागला. आमच्या मते कथेचा प्राण त्या सरोवरात नसून या ओळखण्यात आहे.

अद्भुताचा स्थायीभाव विस्मय, हे आपण वर्गात शिकतो आणि शिकवतो. आमच्या कथेत विस्मयाची सामग्री भरपूर होती, पण तिच्या मुळाशी शोक होता आणि तो आम्ही स्वतःपासूनच लपवीत होतो. आमच्या मांत्रिकांना काळ फिरवता येत होता. फिरून आलेल्या माणसाला ओळखणारे मात्र त्या कथेत कोणीच नव्हते. अद्भुताला पलायन म्हणणाऱ्यांशी आमचे मत जुळत नाही ते यामुळेच. पळत होतो ते आम्ही. कथा आम्हाला वाट अडवून उभी होती.

बांधावरून परतलो तेव्हा वडील ओसरीवर बसले होते. त्यांनी आमच्याकडे पाहिले आणि अनोळखी प्रवाशाशी बोलावे तशा अदबीने विचारले, "आपण कोणत्या गाडीने आलात?"

जन्मभर आम्हाला 'अरे' म्हणणारा तो आवाज. आम्ही गाडीचे नाव सांगितले. ती वेळेवर होती का, असे त्यांनी विचारले. होती, असे आम्ही म्हणालो आणि त्यांच्याजवळ बसलो.

ती कथा आम्ही पुढे लिहिली नाही.