ला शापेलचे पाहुणे

पॅरिसला जाऊन मी ला शापेल पाहून आलो, असे सांगितले तेव्हा घरच्या मंडळींनी माझ्याकडे अशा नजरेने पाहिले, की जणू मुंबईला जाऊन मी गेटवे सोडून चिंचपोकळी पाहून आलो!

उत्तर पॅरिसमधल्या या स्टेशनावर मेट्रो पुलावरून धावते. खाली उतरून पाहतो तो दुकानांवर तमिळ पाट्या, टोपल्यांत भेंडी आणि कढीलिंब! बहुतेक दुकाने श्रीलंकेतून आलेल्या तमिळांची. पण मी आलो होतो त्यांच्याही आधीच्या, 1427 सालच्या पाहुण्यांसाठी.

त्यांची हकिकत एका निनावी रोजनिशीत आहे. ‘पॅरिसच्या नागरिकाची रोजनिशी’ या नावाने ती ओळखली जाते. नोंदी 1405 ते 1449 या काळातल्या. लेखक नोत्र दामशी संबंधित धर्मोपदेशक असावा, असा विद्वानांचा तर्क आहे. लढाया आणि कत्तलींच्या जोडीने तो पावाचे नि सरपणाचे भाव अशा पोटतिडकीने लिहितो, की आपल्याच घरची हिशेबाची वही वाटावी.

पण गृहस्थ पक्का पक्षपाती! बर्गंडीच्या ड्यूकचा कैवारी. 1429 साली जोन ऑफ आर्क पॅरिसवर चालून आली. तिच्याविषयी तो तिरस्कारानेच लिहितो. मग अशा माणसाची साक्ष इतिहासकाराने मानावी कशी?

ऑगस्ट 1427 मध्ये आधी बारा घोडेस्वार आले आणि मागून शंभर-सव्वाशे बायका-पुरुष-मुले. आपण इजिप्तकडचे, असे ते सांगत. त्यांना शहरात न घेता वेशीबाहेरच्या ला शापेल गावात उतरवले. बघ्यांची ही गर्दी लोटली! बायका हात पाहतात नि खिसे कापतात, अशी बोलवा उठली. बिशपने येऊन हात दाखवणाऱ्यांना बहिष्कृत केले आणि पाहुण्यांना निघावे लागले.

आमच्या रोजनिशीकारानेही त्यांच्या काळ्या रंगाची टवाळी केली आहे. पण पुढे तो प्रामाणिकपणे लिहितो, की मी स्वतः तीन-चार वेळा त्यांच्याशी बोलायला गेलो. माझी दमडीही गेली नाही, की कोणी हात पाहताना दिसले नाही. लोक मात्र तसे म्हणतात!

ऐकलेले वेगळे आणि पाहिलेले वेगळे, हे त्याने लपवले नाही. त्याच्या साक्षीचे मोल इथे आहे.

हे लोक म्हणजे रोमा, ज्यांना जग जिप्सी म्हणते. त्यांचे पूर्वज भारतातून गेले, हे अठराव्या शतकाच्या अखेरीस भाषापंडितांनी ओळखले. आजही त्यांच्या बोलीत दोन म्हणजे ‘दुय’, तीन म्हणजे ‘त्रिन’ आणि पाणी म्हणजे ‘पानी’! पण चोरीचा शिक्का काही पुसला गेला नाही. दुसऱ्या महायुद्धात तर नाझींनी त्यांची लाखो माणसे मारली.

हे सारे घरी सांगितल्यावर धाकटीने विचारले, “बाबा, त्या लिहिणाऱ्याचं नाव काय हो?”

नाव तेवढे त्याने कुठेच लिहिलेले नाही.