पाहिले कोणी?

१९७४ च्या जून महिन्यात, मृगाच्या पहिल्या सरी ओसरल्यानंतरच्या एका रात्री, शहापूर तालुक्यात माहुली किल्ल्याच्या पायथ्याजवळच्या एका सजाच्या चावडीत मी कंदिलाच्या उजेडात फेरफारांची नोंदवही लिहीत बसलो असता, उंबरठा ओलांडून एक प्रचंड कोळी आत आला. माणसाचा पंजा व्यापेल एवढा त्याच्या पायांचा विस्तार होता, सर्वांग तपकिरी केसांनी आच्छादलेले होते, आणि प्रत्येक पाऊल तो असे चाचपून टाकीत होता की जणू भूमीची अनुज्ञा घेतल्यावाचून पुढे सरकू नये असा त्याचा नियमच असावा. तलाठ्याच्या नोकरीस लागून मला पुरते वर्षही झाले नव्हते. कोतवाल काठी घेऊन धावला आणि एका घावात ते जनावर जमिनीशी एकरूप झाले. मी त्याला अडवले नाही, कारण भयाने माझीही वाचा बसली होती. "चावला असता तर सकाळ दिसली नसती, भाऊसाहेब," असे कोतवाल म्हणाला, आणि मी ते निमूटपणे खरे मानले.

दोन वर्षांनी माझी बदली मुरबाड तालुक्यात, माळशेज घाटाच्या खालच्या अंगाला, टोकावड्याच्या बाजूस झाली. तेथील एका वयोवृद्ध ठाकराने एकदा बांधाची मोजणी चालली असता मला हाताला धरून खाली बसविले आणि बांधाच्या उतारातील, रुपयाएवढ्या तोंडाचे एक बीळ दाखविले. बिळाच्या कडेला रेशमासारख्या धाग्यांचे अस्तर होते, आणि आत, अंधाराच्या काठाशी, केसाळ पायांची टोके स्थिर होती. म्हाताऱ्याने गवताची काडी कडेवर हलकेच टेकवताच ते पाय पुढे झेपावले, काडी अन्न नव्हे हे जाणून क्षणात मागे गेले, आणि पुन्हा पूर्वीची निश्चलता पसरली. "ही तिच्या घरात हाय, आपण आपल्या," तो म्हणाला. "बोट घातलं तर चावंल, नाय तर नाय."

पुढे वाचनातून मला जे कळले ते या एका वाक्याचा विस्तारच होय. या केसाळ कोळ्यांची मादी वर्षानुवर्षे एकाच बिळात राहते, रात्री दाराशी बसून रातकिडे, झुरळे, भुंगेरे टिपते, आणि अनेक जातींत दहा वर्षांहून अधिक जगते. नर मात्र वयात आला की पावसाळ्याच्या तोंडाशी मादीच्या शोधार्थ घर सोडून भटकतो आणि त्यानंतर फार काळ जगत नाही. चावडीत शिरलेला तो प्राणी असाच कोणी वाटसरू असला पाहिजे. सह्याद्रीतील यांच्या काही जाती जमिनीत बिळे करतात, तर काही झाडांच्या ढोलीत वस्ती करतात. आमच्या मुरबाडपासून फार दूर नसलेल्या माथेरानच्या डोंगरातील एका जातीचे शास्त्रीय वर्णन रेजिनल्ड पोकॉक यांनी १८९९ मध्येच केले होते. अमेरिकेतील यांचे पुष्कळ भाऊबंद पोटावरचे खाजरे केस शत्रूवर उडवतात. आपल्याकडील जातींपाशी ते शस्त्र नाही, म्हणून कोंडीत सापडल्यावर त्या पुढचे पाय उचलून धमकावतात, आणि धमकी व्यर्थ गेली तरच चावतात.

त्या चाव्याचे फलही मी प्रत्यक्ष पाहिले. आवणीच्या दिवसांत एक शेतकरी फुटलेला बांध हातांनी लिंपत असता त्याचे बोट बिळात गेले, आणि तो चावणाऱ्याला सागाच्या पानात गुंडाळून, दुसऱ्या हाताने मनगट दाबून धरीत, माझ्याकडे आला. भगताकडे निघालेल्या मंडळींना मी कशीबशी थोपवून त्याला दवाखान्यात नेले. डॉक्टरांनी आधी पानातील कोळी निरखला, मग जखम धुतली, धनुर्वाताचे इंजेक्शन दिले आणि रात्रभर त्याला नजरेखाली ठेवले. हात कोपरापर्यंत सुजला, वेदना तीव्र होत्या, स्नायूंत गोळे येत होते. परंतु चौथ्या दिवशी तो पुन्हा खाचरात उभा होता. या कोळ्यांच्या विषाने माणूस दगावल्याची सिद्ध झालेली नोंद वैद्यकीय वाङ्मयात नाही, हे डॉक्टरांनी मला त्या वेळी सांगितले, आणि तेव्हापासून मी ते गावोगाव सांगत सुटलो. माझ्या ज्ञानात जो गर्व शिरला तो तेथेच.

त्याच वर्षी श्रावणातल्या एका मध्यरात्री एका बापाने माझे दार ठोठावले. जमिनीवर गोधडीत निजलेला त्याचा सात-आठ वर्षांचा मुलगा कानाजवळ काहीतरी टोचले म्हणून उठला होता, आणि दिवा लावताच भिंतीवर मोठा कोळी दिसला होता. मी जाऊन पाहिले: सूज नाही, रक्त नाही, दुखणेही फारसे नाही. सरकारी माणसाच्या शब्दाला जे वजन असते त्या सर्व वजनासह मी म्हणालो, की कोळ्याच्या चाव्याने कोणी मरत नाही, निजू द्या, सकाळी पाहू. घरच्यांचे भय निवळले. भगतालाही बोलावणे गेले नाही. आणि मी समाधानाने परतलो.

पहाटे बाप पुन्हा आला तेव्हा मुलाच्या पोटात कळा येत होत्या आणि पापण्या त्याला उचलवत नव्हत्या. वनखात्याची एक जीप सुदैवाने मुक्कामी होती. दवाखान्यात डॉक्टरांनी मुलाच्या मिटल्या डोळ्यांकडे पाहिले आणि एकच प्रश्न विचारला: "कोळी चावताना पाहिले कोणी?"

कोणीच पाहिले नव्हते. वाऱ्याने उडालेल्या छपरांचे आणि बुडालेल्या पिकांचे पंचनामे मी शेकड्यांनी केले होते. जागेवर जाऊन, डोळ्यांनी पाहून, पंचांसमक्ष लिहावे, ऐकीव माहिती पाहिलेली म्हणून नोंदवू नये, हा त्या कामाचा पहिला नियम मला पाठ होता. आणि जेथे एका जिवाचा प्रश्न होता तेथेच मी तो विसरलो होतो. भिंतीवरचा कोळी चपट्या अंगाचा, घरातली झुरळे खाणारा होता, आणि त्याचा या प्रकरणाशी काहीएक संबंध नव्हता. मण्यार रात्री निजलेल्या माणसाला चावते, तिचा दंश बहुधा दुखत नाही, सुजत नाही, आणि कित्येक तासांनी पापण्या जड होऊन श्वास बंद पडू लागतो. साप कोणास सापडला नाही, परंतु लक्षणांनी साक्ष दिली. सर्पविषावरची लस दिली गेली, दोन दिवस पाळीपाळीने हाताने पिशवी दाबून मुलाचा श्वास चालू ठेवला गेला, आणि तो वाचला. वाचला नसता, तर त्याच्या मृत्यूच्या कारणांत माझे आश्वासन लिहावे लागले असते.

त्यानंतर या विषयावर जे जे वाचले त्यात हाच प्रश्न मला पुन्हा पुन्हा भेटला. या केसाळ कोळ्यांना इंग्रजीत दिलेले टॅरंटुला हे नाव इटलीतील टारांटो नगरावरून आले. तेथील मूळ टॅरंटुला हा वेगळ्याच कुळातला कोळी. त्याचे विष नाचून उतरते अशी तेथे शतकानुशतके समजूत होती, आणि ज्या दंशांचा दोष त्याच्यावर आला ते वस्तुतः दुसऱ्याच एका लहान काळ्या कोळ्याचे असावेत असे अनेक अभ्यासकांना वाटते. २०१२ मध्ये आसामात सादिया येथे केसाळ कोळ्यांच्या चाव्याने दोन माणसे दगावल्याची वार्ता देशभर पसरली. परंतु त्यांच्या जखमा मांत्रिकांनी पात्याने चिरून रक्त काढले होते, आणि शवविच्छेदनापूर्वीच दहन झाल्यामुळे मृत्यू विषाने झाला की पात्याने, हे कायमचे अनिर्णित राहिले. कोळ्याचे नाव मात्र आरोपी म्हणून चढले ते उतरले नाही. इकडे २००० ते २०१९ या वीस वर्षांत भारतात सर्पदंशाने सुमारे १२ लाख माणसे मृत्यू पावली, असा अभ्यासकांचा अंदाज आहे. आपले भय आपण कोठे खर्च करतो आणि मृत्यू कोणत्या वाटेने येतो, यातील हे अंतर मला आजही अस्वस्थ करते.

म्हणून मला कोणी विचारले, की हा कोळी घातक आहे काय, तर मी म्हणतो, की निरोगी माणसाच्या जिवाला त्याच्यापासून धोका नाही म्हटले तरी चालेल. बिळात हात घालू नये, त्याला हातात घेऊ नये, मारू तर मुळीच नये. परंतु कोणाला काही चावले आणि चावणारा दिसला नाही, तर माझे हे उत्तर विसरावे, आणि न थांबता दवाखाना गाठावा.

तो मुलगा आज पन्नाशी ओलांडून गेला आहे. गेल्या पावसाळ्यात मी त्याच्याकडे मुक्कामाला होतो. रात्री त्याने नातवंडांना बाजेवर निजवून मच्छरदाणीच्या कडा चारी बाजूंनी गोधडीखाली खोचल्या, बॅटरीच्या उजेडात कोपरे न् कोपरे तपासले, आणि भिंतीवर बसलेल्या कोळ्यावरून तो प्रकाश क्षणभर फिरला तेव्हा काही न बोलता बॅटरी मालवली.