भंडाऱ्याहून सदरला

भंडाऱ्याचं रेल्वे स्टेशन गावात नाही, वरठीला आहे. त्यामुळे गाडीच्या आधी ऑटोची खटपट आलीच. गोंदियाकडून आलेल्या लोकलमध्ये समोरच्या बाईनं वांग्यांचं बाचकं पायाशी ओढून मला जागा करून दिली.

"नागपूरले कोनाकडे जाता जी?"

"कुणाकडे नाही. एका हेडमास्तरांची शाळा पाहायची आहे."

"रिटायर झाले असतीन आता?"

ते १८६६ सालीच वारले, हे सांगायचा धीर झाला नाही.

जॉर्ज कॉटन हे त्यांचं नाव. अँग्लिकन पाद्री. इंग्लंडमधल्या रग्बीच्या शाळेत थॉमस अर्नोल्डच्या हाताखाली मास्तरकी केलेले. १८५२ मध्ये मार्लबरोची शाळा त्यांच्या गळ्यात पडली. आदल्याच वर्षी तिथल्या पोरांनी बंड केलेलं, शाळा कर्जात. दुपारभर रानोमाळ उंडारणाऱ्या पोरांना कॉटननी क्रिकेट-फुटबॉलच्या मैदानावर आणलं आणि धाकट्यांची जबाबदारी थोरल्यांवर टाकली. शाळा सावरली. १८५८ मध्ये ते कलकत्त्याचे बिशप झाले, पण हाडाचे हेडमास्तरच राहिले.

कन्हानचा पूल धडधडत मागे गेला आणि कामठी आली. १८२१ पासूनची ही इंग्रजांची छावणी. छावणीतल्या, कचेऱ्यांतल्या युरोपियन आणि अँग्लो-इंडियन कुटुंबांच्या मुलांची कॉटनना काळजी होती. सत्तावन्ननंतर त्यांच्या प्रयत्नांतून शिमल्याला शाळा निघाली. बंगळूर आणि नागपूरच्या शाळाही त्यांच्याच नावाच्या. भंडाऱ्याच्या धानकऱ्याचं पोर त्या हिशेबात नव्हतं. त्याच्यासारख्यांसाठी नागपुरात १८४६ मध्ये शाळा काढली ती स्कॉटिश मिशनच्या स्टीफन हिस्लॉपनी. भंडाऱ्यात पुढे दवाखाना चालवला तोही स्कॉटिश मिशननंच. मला विचाराल तर या मुलखावर हिस्लॉपचं ऋण मोठं.

शेवट मात्र दोघांचा एकच. १८६३ च्या सप्टेंबरात टाकळघाटची प्राचीन दफनस्थळं पाहून रात्री घोड्यावरून परतताना हिस्लॉप पुराच्या पाण्यात बुडाले. तीन वर्षांनी कुष्टियाला दफनभूमीचा विधी उरकून कॉटन बोटीवर चढत होते. फळीवरून पाय घसरला आणि ते गोराई नदीत पडले. देह सापडलाच नाही.

नागपुरात उतरून सदर गाठलं. बिशप कॉटन स्कूलची सुट्टी नुकतीच झाली होती. फाटकाशी ऑटोवाल्यांचा गलका, एक आजोबा नातवाच्या बुटाची नाडी बांधताहेत, नातू वऱ्हाडी ठसक्यात डब्यातल्या भाजीची तक्रार करतोय. ज्यांच्यासाठी शाळा निघाली, ती कुटुंबं बहुतेक केव्हाच निघून गेली. शाळा आता या पोरांची आहे, आणि ते बरंच झालं.

सदरमध्येच ऑल सेंट्स कॅथेड्रल आहे. कॉटनच्या परंपरेचे अँग्लिकन आणि हिस्लॉपच्या स्कॉटिश परंपरेचे प्रेस्बिटेरियन २९ नोव्हेंबर १९७० रोजी इतर काही पंथांसह एक झाले आणि चर्च ऑफ नॉर्थ इंडिया स्थापन झालं, ते याच नागपुरात.