नारिंगी डब्यातला आवाज

ऑक्टोबर २००७ मध्ये व्हॉल्व्ह या अमेरिकी कंपनीने ‘ऑरेंज बॉक्स’ नावाचा संच बाजारात आणला. त्यात पाच गेम होते: ‘हाफ-लाइफ २’, त्याचे पुढचे भाग ‘एपिसोड वन’ आणि ‘एपिसोड टू’, शिवाय ‘पोर्टल’ आणि ‘टीम फोर्ट्रेस २’. यातले पहिले दोन आधीच येऊन गेलेले, २००४ आणि २००६ चे. बाकीचे तीन कोरे. या संचाबद्दल माझं तेव्हा एक ठाम मत होतं आणि कुणी विचारलेलं नसतानाही मी ते चारचौघांत ऐकवत असे. हाफ-लाइफ हाच यातला खरा ऐवज, त्याचे दोन एपिसोड म्हणजे त्याचंच शेपूट, टीम फोर्ट्रेस पोरांसाठी आणि पोर्टल ही निव्वळ भरती. तीन-चार तासांत संपणारा, करड्या भिंतींच्या खोल्यांतला एक कोड्यांचा खेळ. पाकिटावर ‘पाच गेम’ छापता यावं म्हणून घातलेला.

आज ही प्रतवारी जवळजवळ उलटी झाली आहे. एका रात्रीत झाली नाही, आणि पूर्णही झालेली नाही.

मी वाढलो नारळीकरांच्या विज्ञानकथांवर. एक गृहीतक मान्य करायचं आणि मग पुढचं सगळं विज्ञानाच्या शिस्तीत चालवायचं, हे त्या कथांनी लावलेलं वळण. त्यामुळे नेमबाजीच्या गेममधलं विज्ञान मला नावापुरतं वाटायचं. मागे अंतराळयान रंगवलं, समोर चार राक्षस उभे केले, की झाली विज्ञानकथा! हाफ-लाइफ २ मात्र मी या पंगतीतून बाहेर काढला होता, आणि त्याला कारणं होती. परग्रहावरच्या ‘कंबाइन’ सत्तेने पृथ्वी जिंकून घेतलेली, माणसं ‘सिटी १७’ नावाच्या शहरात कोंडलेली. या शहराचा चेहरा घडवला व्हिक्टर अँटोनोव्ह या सोफियात जन्मलेल्या कलादिग्दर्शकाने, म्हणून त्यातल्या ट्रामच्या तारा, पोपडे उडालेल्या इमारती आणि रिकामी अंगणं पूर्व युरोपातली वाटतात. पुढे किनारपट्टीवर गेलं की समुद्र खूप मागे हटलेला दिसतो आणि धक्के कोरडे पडलेले. कुणी काही समजावत नाही. या लोकांनी पाणीसुद्धा उपसून नेलंय, हे आपल्या आपण कळतं. वस्तूंना वजन आहे; फळीच्या एका टोकाला विटा ठेवल्या की दुसरं टोक वर येतं. नायक गॉर्डन फ्रीमन भौतिकशास्त्रज्ञ, हातात पहार. हे सगळं मला तेव्हा साहित्याच्या जवळचं वाटलं आणि अजूनही वाटतं.

पण आता तो पुन्हा खेळायला घेतला की बोटीचा लांबलचक भाग कंटाळवाणा होतो. फ्रीमनच्या मौनाचीही मला आता शंका येते. संपूर्ण खेळात हा माणूस एक शब्द बोलत नाही आणि भोवतालचे सगळे त्याला तारणहार मानतात. पूर्वी मी यात खोल अर्थ शोधत असे. आता वाटतं, ती लेखकांची सोय होती. पोर्टलची नायिका चेलही गप्पच असते, पण तिच्याभोवती बोलायला माणूसच नाही. तिथे मौन शोभतं.

पोर्टलचं मूळ विद्यार्थ्यांच्या एका प्रकल्पात आहे. वॉशिंग्टन राज्यातल्या रेडमंडच्या डिजिपेन संस्थेत काही मुलांनी ‘नार्बाक्युलर ड्रॉप’ नावाचा गेम केला होता. व्हॉल्व्हच्या माणसांनी तो पाहिला आणि त्या मुलांनाच नोकरीवर घेतलं. किम स्विफ्ट त्यांच्यापैकीच. कल्पना एका वाक्यात सांगता येते. हातातल्या यंत्राने एका भिंतीवर निळं भोक पाडायचं, दुसरीवर नारिंगी, आणि एकातून आत शिरलं की दुसऱ्यातून बाहेर. आत शिरताना जो वेग असेल तोच बाहेर पडताना. म्हणजे उंचावरून जमिनीतल्या भोकात उडी मारली तर समोरच्या भिंतीतून आपण आडवे, तोफेतून सुटल्यासारखे निघतो आणि खंदकापलीकडे पडतो. भौतिकशास्त्राच्या प्राध्यापकाला इथे हरकत घेता येईल: दिशा बदलली म्हणजे संवेग टिकला कुठे? आणि एक भोक छताला, एक जमिनीला असेल, तर अखंड पडत राहण्याची ऊर्जा फुकट कुठून आली? हरकत रास्त आहे. पण एक खोटं गृहीतक आणि पुढे कडक शिस्त, हीच तर माझी विज्ञानकथेची व्याख्या होती. पाच गेमांपैकी त्या व्याख्येत चपखल बसणारा हा एकच, आणि मी त्यालाच भरती म्हणत होतो! हाफ-लाइफमध्ये विज्ञान बघायला मिळतं. इथे ते वापरल्याशिवाय दार उघडत नाही.

एवढं लक्षात आलं तरी माझ्या लेखी तो फार तर एक हुशार खेळ होता. मत खऱ्या अर्थाने हललं ते भाचीमुळे. दहावीनंतरच्या सुट्टीत ती आमच्याकडे राहायला आली होती. नेमबाजीच्या गेमचा तिला तिटकारा. ‘यात कुणाला मारायचं नाही’ एवढ्या बोलीवर ती पोर्टलला बसली. सतराव्या खोलीत खेळाडूला गुलाबी हृदयं रंगवलेला एक ठोकळा देतात. खोलीभर तोच आपला सोबती. त्याच्यावर चढायचं, त्याच्या आड लपायचं. शेवटी ग्लाडोस नावाचं संगणकी यंत्र सांगतं की आता तो भट्टीत टाका.

“मामा, हा जाळावाच लागतो?”

“हो.”

“कोण म्हणतं?”

मी म्हटलं, अगं, त्याशिवाय दार उघडत नाही. तिला ते पटलं नाही. तिने ठोकळा खोलीच्या प्रत्येक कोपऱ्यात नेऊन पाहिला, भोकांतून फिरवला, लिफ्टच्या दिशेने फेकून पाहिला. बराच वेळ. शेवटी नाइलाजाने टाकला. त्यावर ग्लाडोस शाबासकी देते की आजवरच्या सगळ्या खेळाडूंत सर्वांत झटपट तूच जाळलास. तुम्ही कितीही वेळ घ्या, ती हेच म्हणते. पोरगी चिडली ती चिडलीच. मी मात्र चपापलो, कारण मी तो ठोकळा पहिल्या खेपेला खरोखरच झटपट जाळला होता. आवाजाने सांगितलं, टाकला. त्यात काही ठरवण्यासारखं आहे हे माझ्या मनातही आलं नव्हतं.

मग मला हाफ-लाइफ २ ची सुरुवात आठवली. तिथे गाडीतून उतरल्यावर स्टेशनात एक मुखवटेधारी शिपाई कॅन खाली पाडतो आणि तो उचलून कचरापेटीत टाकायला सांगतो. तुम्ही टाकलात तर तो हसतो आणि वाट सोडतो. कॅन त्याच्याच डोक्यात घातलात तर दंडुका घेऊन मागे लागतो. ऑरेंज बॉक्सच्या एक्सबॉक्स आवृत्तीत या दोन्ही गोष्टींना वेगवेगळं बक्षीस होतं, एक ताबेदारीचं, एक बंडाचं. आज मला हा त्या संचातला सर्वांत चावट विनोद वाटतो. एपिसोड टूमध्येही असंच. बागेतला एक बुटका पुतळा सुरुवातीला उचलायचा, सगळा गेमभर, हाणामाऱ्या आणि मोटारीच्या धावपळीतून, वागवत न्यायचा आणि शेवटी रॉकेटमध्ये ठेवायचा. कथेला त्याची काडीची गरज नाही. बक्षिसांच्या यादीत लिहिलंय म्हणून हजारोंनी हे मुकाट्याने केलं. मीही केलं.

आणि मग आवाज. ग्लाडोसला आवाज दिला एलन मॅक्लेन या ऑपेरा गायिकेने. हाफ-लाइफ २ मध्ये सिटी १७ च्या भोंग्यांतून एक थंड बायकी आवाज शिपायांना हुकूम देत असतो, माणसांबद्दल दवाखान्यातल्या रोगासारखं बोलतो. तो आवाजही तिचाच. टीम फोर्ट्रेस २ मध्ये सामना सुरू झाल्याचं, ठाणं गेल्याचं, हरल्याचं खेकसून सांगणारी व्यवस्थापिका आहे. तीही तीच! लाल आणि निळा असे दोन गट तिथे एकमेकांच्या जिवावर उठलेले असतात, आणि दोघांनाही हुकूम देणारी बाई एकच.

व्हॉल्व्हने हे ठरवून केलं असं माझं म्हणणं नाही. हाताशी एक उत्तम कलाकार होती, तिला तीनदा घेतलं, इतकं साधंही असेल. पण वाचकाला लेखकाच्या हेतूची परवानगी लागत नाही. ज्यांना मी नारिंगी कागदात गुंडाळलेले पाच सुटे गेम समजत होतो, त्यांत मला आता एकच विषय दिसतो: वरून येणारा आवाज आणि त्याचं ऐकणारे आपण. नेमबाजीच्या खेळाला हा विषय फार जवळचा आहे. अशा प्रत्येक खेळात कानात कुणी तरी सांगत असतं, इथे जा, त्याला मार, दार उघड. आणि आपण जातो, मारतो, उघडतो. बाकीचे खेळ ही गोष्ट झाकतात. पोर्टलने तिचीच कथा केली. एकोणिसाव्या खोलीत केकचं आमिष दाखवून ग्लाडोस तुम्हाला आगीकडे नेते, आणि तिथे पहिल्यांदा न सांगितलेली गोष्ट करावी लागते. अर्थात ज्या भिंतीवर भोक पाडून सुटायचं ती भिंतही गेम बनवणाऱ्यांनीच तिथे ठेवलेली असते. बंडालाही परवानगी काढलेली!

संचाबद्दलही माझं मत असंच फिरलं. एकत्र बांधून विकलेल्या मालात काहीतरी खपवलेलं असतं, असा माझा पुणेरी संशय होता. पण पोर्टल २००७ मध्ये एकटा दुकानाच्या फळीवर ठेवला असता, तर पूर्ण किमतीला तीन-चार तासांचा गेम किती जणांनी उचलला असता? मी तरी नाही. दिवाळी अंकात मोठ्या नावाच्या कादंबरीसाठी पैसे मोजावेत आणि लक्षात राहावी ती आतल्या पानावरची नवख्याची कथा, तसं झालं. हाफ-लाइफने गल्ला सांभाळला म्हणून पोर्टलला आखूड राहता आलं. त्याला ओढून ताणून पंधरा तासांचा केला असता तर तो मेला असता.

उलट ज्यांनी आखूड राहण्याचा शब्द दिला होता त्यांनी तो पाळला नाही. एपिसोड म्हणजे छोटे, भराभर येणारे भाग, अशी कल्पना होती. पहिला यायला दीड वर्ष लागलं, दुसऱ्याला आणखी सव्वा. दुसरा संपतो ते फ्रीमनची साथीदार अॅलिक्स हिच्या डोळ्यांदेखत तिच्या वडिलांचा मृत्यू दाखवून, आणि तिसरा आलाच नाही. कथालेखक मार्क लेडलॉ २०१६ मध्ये कंपनीतून बाहेर पडला आणि पुढच्या वर्षी त्याने नावं बदलून एका पत्राच्या रूपात पुढची कथा जाहीर करून टाकली. २०२० मध्ये ‘हाफ-लाइफ: अॅलिक्स’ आला, तोही आभासी वास्तवाचं हेल्मेट असणाऱ्यांपुरता. २०२४ मधल्या माहितीपटात कंपनीचा प्रमुख गेब न्यूवेल म्हणाला, त्याचा आशय असा की नुसती गोष्ट पुढे न्यायची म्हणून गेम काढणं म्हणजे खेळणाऱ्यांशी असलेल्या कर्तव्यातून पळ काढणं. मला हे पटत नाही. नवं यंत्र सुचलं नाही म्हणून कथा लटकत ठेवायची, हा लेखकाचा न्याय नव्हे. एके काळी ज्यांना मी ऐवजाचा भाग धरत होतो ते एपिसोड आज म्हणूनच माझ्या यादीत तळाला आहेत, एपिसोड टूमधलं अॅलिक्ससोबतचं जंगल कितीही सुंदर असो.

टीम फोर्ट्रेसबद्दल मात्र माझं मत दोनदा बदललं. आधी तो मला कार्टून वाटला. मग कळलं की त्याचं रूप लेयेनडेकरसारख्या विसाव्या शतकाच्या सुरुवातीच्या अमेरिकी जाहिरात-चित्रकारांवरून बेतलेलं आहे, आणि नऊ पात्रांपैकी कोणतंही नुसत्या सावलीवरून, दुरून, धावताना ओळखू यावं असं रेखलं आहे. ही फार मोठी कारागिरी आहे आणि त्या काळातल्या करड्या-तपकिरी युद्धखेळांत तिने एकटीने रंग भरला. त्या कौतुकात मी होतो तेवढ्यात पात्रांना घालायच्या टोप्या आल्या. मग २०१० मध्ये किल्ली विकत घेऊन उघडायच्या पेट्या आल्या, ज्यांत काय निघेल ते नशिबावर. २०११ मध्ये गेम फुकट झाला आणि टोप्यांचा धंदा जोरात चालला. चांगला खेळ सट्ट्याच्या वाटेला लागला, असं माझं आजचं मत आहे, आणि ते पुन्हा बदलेल असं वाटत नाही.

आता हे सगळं मिळवायला डबा लागत नाही. नोव्हेंबर २०२४ पासून दोन्ही एपिसोड हाफ-लाइफ २ च्या पोटातच मिळतात, आणि पोर्टल सुटा मिळतो. नव्याने सुरुवात करणाऱ्याने आधी पोर्टल खेळावा, सतराव्या खोलीत घाई करू नये, आणि मग सिटी १७ च्या स्टेशनात उतरून भोंग्यातला आवाज ऐकावा. एपिसोड टूला हात लावण्यापूर्वी पुढे काही नाही हे धरून चालावं. टीम फोर्ट्रेस फुकट आहे, जरूर खेळा. टोप्यांवर मात्र एक रुपयाही घालू नका.