बदली

इंग्रजीतल्या 'जर्नीमन' या एका शब्दावर माझे तीन आठवडे गेले. शब्दामागे दर ठरलेला असतो अशा धंद्यात हे परवडत नाही, पण गेले खरे. काम तसे साधे होते. किशोरवयीन वाचकांसाठी खेळाविषयीच्या लेखांचे एक पुस्तक इंग्रजीतून पाच भारतीय भाषांत एकदम निघायचे होते. हिंदी, बंगाली, तेलुगू, कन्नड आणि मराठी असे आम्ही पाच अनुवादक. अडलेले शब्द एकमेकांना विचारायचो. मी हैदराबादला राहते, तेलुगू अनुवादक याच शहरातले. बाकी तिघांना मी अजून पाहिलेले नाही. पुस्तकातला एक लेख केविन ऑली या अमेरिकन बास्केटबॉलपटूवर होता आणि पहिल्याच वाक्यात त्याला 'जर्नीमन' म्हटले होते.

शब्दात 'जर्नी' दिसते म्हणून हात आपोआप 'फिरस्ता', 'भटका', 'मुशाफिर' यांच्याकडे जातो. प्रकाशनाच्या शब्दसूचीत मराठीसाठी 'भटका खेळाडू' असे आधीच लिहून आले होते. पण हा शब्द प्रवासाचा नाही, दिवसाचा आहे. फ्रेंच 'जुर्ने' म्हणजे दिवस, दिवसभराचे काम. युरोपातल्या कारागिरांच्या संघांत आधी उमेदवारी असे, शेवटी उस्तादपद. मधला जो काम शिकलेला आहे पण स्वतःची पेढी नाही, दिवसाच्या मजुरीवर दुसऱ्याच्या हाताखाली राबतो, तो जर्नीमन. खुद्द 'जर्नी'चाही मूळ अर्थ एका दिवसात कापलेली वाट असाच. आपल्याकडे उमेदवार आहे, मेस्त्री आहे. मधल्या माणसाला मात्र आपण नुसते कारागीर म्हणून सोडून देतो.

मी हे कळवल्यावर एक मौज झाली. हिंदीकडून 'दिहाड़ी' आले, बंगालीकडून 'दिनमजूर', तेलुगू आणि कन्नडकडून 'दिनकूली' आणि 'दिनगूली', माझ्याकडे 'रोजंदारी'. पाचही शब्दांच्या पोटात दिवस होता. एम.ए.ला तौलनिक साहित्य शिकताना असल्या जुळणीवर मी पानेच्या पाने लिहिली असती. आता ती फक्त एक अडचण होती, कारण बास्केटबॉल खेळणाऱ्याला दिनमजूर म्हटले तर वाचणारे पोर हसेल.

तर हा केविन ऑली कोण? जन्म १९७२चा, डॅलसचा. वाढला लॉस एंजेलिसमध्ये. कनेक्टिकट विद्यापीठाच्या संघातून चार वर्षे खेळला. जागा पॉइंट गार्डची, म्हणजे चेंडू पुढे नेऊन कोणी कुठे धावायचे ते ठरवणाऱ्याची. १९९५मध्ये एनबीएच्या वार्षिक निवडीत त्याचे नाव कोणीही पुकारले नाही. दोन वर्षे तो खालच्या सीबीए नावाच्या साखळीत खेळला आणि मग १९९७मध्ये डॅलसच्या संघात शिरला. तिथून पुढची यादी करताना मला भिंतीवर नकाशा लावावासा वाटला: डॅलस, ऑरलँडो, सॅक्रामेंटो, पुन्हा ऑरलँडो, फिलाडेल्फिया, न्यू जर्सी, पुन्हा फिलाडेल्फिया, शिकागो, इंडियाना, मिलवॉकी, सिॲटल, क्लीव्हलँड, तिसऱ्यांदा फिलाडेल्फिया, मिनेसोटा, ओक्लाहोमा सिटी. तेरा मोसम. सरासरी दर सामन्याला ३.८ गुण. मुलांच्या खोलीत ज्याचे पोस्टर लागते त्याचा हा आकडा नव्हे.

एनबीएत दहा दिवसांचा करार म्हणून एक प्रकार आहे. जानेवारी उजाडला, कोणी जायबंदी झाले, की संघ बाहेरचा एखादा खेळाडू दहा दिवसांसाठी घेतो. दहा दिवस झाले की आणखी दहा. एका मोसमात एका संघाला एका खेळाडूशी असे दोनच करार करता येतात. त्यानंतर मोसम संपेपर्यंत ठेवा, नाहीतर सोडा. ऑली यातूनही गेला. पण मला जास्त लागले ते दुसरेच. फेब्रुवारी २००२मध्ये शिकागो आणि इंडियाना यांच्यात खेळाडूंची मोठी अदलाबदल झाली. बातमी जेलन रोझ, रॉन आर्टेस्ट, ब्रॅड मिलर यांची होती. शिकागोने पाठवलेल्यांत ऑलीही होता. बरोबर एका वर्षाने, फेब्रुवारी २००३मध्ये, मिलवॉकीने रे ॲलन देऊन गॅरी पेटनला आणले. ॲलनबरोबर सिॲटलला ऑली गेला. खेळाच्या इतिहासात ज्यांची आठवण काढली जाते अशा दोन सौद्यांत हा माणूस आहे, आणि दोन्हीकडे मापावर टाकलेल्या चिमटीसारखा.

हे भाषांतर करत असतानाच मला माझे मामा आठवले आणि शब्द मिळाला. मामा सातारकडचे. परळच्या एका गिरणीत ते बदली कामगार होते. ज्यांनी गिरणगाव पाहिलेले नाही त्यांच्यासाठी सांगते: गिरणीत कायम कामगार असत आणि त्यांच्या खाड्यांवर जगणारे बदली असत. बदलीने पाळी सुरू होण्याआधी पास घेऊन गेटवर उभे राहायचे. कोणी आले नाही तर त्याच्या जागी हा. सगळे आले तर घरी. मामांच्या भाषेत 'आज लागलो' आणि 'आज न्हाई लागलो' असे दोनच प्रकारचे दिवस होते. १९८२च्या संपाच्या मागण्यांत बदलींना कायम करण्याचीही मागणी होती. संपाचे पुढे काय झाले ते सर्वांना माहीत आहे. मामा गावी परतले.

'बदली' हा शब्द हाती आला तेव्हा तो किती कामांचा आहे हे ध्यानात आले. गिरणीतला बदली एक. सरकारी नोकराची होते ती बदली दुसरी: त्याला न विचारता, कागद येतो आणि बिऱ्हाड हलते, खेळाडूंची अदलाबदल होते ती याच जातीची. आणि वर्तमानपत्राच्या क्रीडापानावर रोज येतो तो 'बदली खेळाडू' तिसरा, म्हणजे बाकावरून उठून मैदानात उतरणारा. ऑली तिन्ही होता. माझ्या वीसएक वर्षांच्या अनुवादात एका शब्दाने मूळ शब्दापेक्षा जास्त दिल्याचे प्रसंग हाताच्या बोटांवर मोजण्याइतके आहेत.

तेलुगू अनुवादकांना मात्र हे पटले नाही. त्यांचे म्हणणे असे की एनबीएतला दहा दिवसांचा खेळाडूसुद्धा त्या दहा दिवसांत जे मिळवतो ते गिरणीतल्या माणसाने वर्षात पाहिले नसेल. त्याला मजुराचा शब्द देणे हा मजुराचा अपमान आहे. आक्षेप खोटा नव्हता. मी दोन दिवस उत्तर दिले नाही. मग लिहिले की हा शब्द मजुरी किती याचा नाही, उद्याचे कोणाच्या हातात याचा आहे. त्यांनी 'हूं' एवढेच कळवले. त्या 'हूं'चा अर्थ मला तेलुगूतही लागला नाही आणि मराठीतही.

ऑली प्रशिक्षक कसा झाला हे लेखात दीड परिच्छेदात उरकले होते. मला तोच भाग मोठा हवा होता.

मामा सांगायचे की प्रत्येक साच्याची खोड वेगळी असते. कायम कामगाराला आपले साचे माहीत असतात. बदलीला सगळ्यांचे माहीत करून घ्यावे लागतात, तेही पाळी सुरू झाल्यावर पहिल्या अर्ध्या तासात, कारण धागा तुटून कापड बिघडले तर उद्या मुकादम बघणार नाही. बारा शहरांतून फिरलेल्या पॉइंट गार्डचे असेच असणार. प्रत्येक ठिकाणी डावपेचांची भाषा नवी, खुणा नव्या, आणि त्या आपल्याला येतातच असे पहिल्या सरावापासून दिसले पाहिजे. मैदानावर पाच मिनिटे मिळणार, पण ती कोणाच्या जागी मिळतील ते सांगता येत नाही, म्हणून सगळ्यांच्या जागा पाठ हव्यात. उरलेला वेळ बाकावर बसून बघायचे. ॲलन आयव्हर्सनबरोबर तो २००१मध्ये अंतिम फेरी गाठणाऱ्या फिलाडेल्फियाच्या संघात होता. लेब्रॉन जेम्स क्लीव्हलँडला पहिला मोसम खेळला तेव्हा ऑली त्याच संघात होता. शेवटच्या मोसमात, २००९-१०मध्ये, तो ओक्लाहोमा सिटीत होता. आदल्या मोसमात त्या पोरसवदा संघाने २३ सामने जिंकले होते. त्या वर्षी ५० जिंकले. ऑली फारसा खेळला नाही. तरी केविन ड्युरंटने नंतर जाहीरपणे सांगितले की त्या संघाचे वळण बदलण्यात ऑलीचा मोठा हात होता. ड्युरंट त्या मोसमात साखळीत सर्वाधिक सरासरीने गुण करणारा होता, आणि तो हे चार गुणांची सरासरीही नसलेल्या माणसाबद्दल बोलत होता.

२०१०मध्ये ऑली आपल्याच विद्यापीठात सहायक प्रशिक्षक म्हणून परतला. सप्टेंबर २०१२मध्ये जिम कॅल्हून निवृत्त झाले. त्यांनी या विद्यापीठाला तीन अजिंक्यपदे मिळवून दिली होती, ऑलीचेही गुरू तेच. जागा ऑलीला मिळाली, पण करार जेमतेम सात महिन्यांचा. म्हणजे प्रशिक्षक झाला तोही बदलीवर. (इथे मी टेबलावर पेन आपटले होते, आनंदाने.) वर त्या वर्षी संघावर बंदी होती: खेळाडूंच्या अभ्यासातली प्रगती कमी पडली म्हणून मोसमाअखेरच्या स्पर्धेत खेळायचे नाही. काही मुले दुसऱ्या विद्यापीठांत निघून गेली. जी राहिली त्यांना तीस सामने खेळायचे होते, आणि त्यातून पुढे कुठेही जायचे नव्हते. अशा मुलांशी दुसरा कोणी काय बोलला असता? ज्याने दहा-दहा दिवसांसाठी जीव तोडून खेळून पाहिले आहे त्याला निदान त्या विषयाची माहिती होती. त्या संघाने २० जिंकले, १० हरले. डिसेंबरात ऑलीला पाच वर्षांचा करार मिळाला.

पुढच्या वर्षीचे सगळ्यांना ठाऊक आहे, निदान अमेरिकेत. ६८ संघांच्या स्पर्धेत एकदा हरले की घरी. कनेक्टिकटला आपल्या गटात सातवे मानांकन. पहिलाच सामना जादा वेळेत गेला. ७ एप्रिल २०१४ला, डॅलसजवळच्या आर्लिंग्टनमध्ये, त्यांनी केंटकीला ६०-५४ हरवले. शबाझ नेपियर, बंदीच्या वर्षी न गेलेला, त्या दिवशी सर्वांत जास्त गुण करून गेला. सातव्या मानांकनाच्या संघाने हे पद त्याआधी कधी जिंकले नव्हते. आमचा लेख इथे संपत होता. टाळ्या, जाळी कापणे, छायाचित्र.

मी शोधत बसले आणि पुढचे सापडले. संघ घसरत गेला. मार्च २०१८मध्ये विद्यापीठाने नियमभंगाचे कारण देऊन ऑलीला काढले. पुढच्या वर्षी विद्यापीठीय खेळांच्या नियामक संस्थेनेही त्याच्यावर तीन वर्षांचे निर्बंध घातले. तो लवादाकडे गेला, आणि जानेवारी २०२२मध्ये लवादाने बडतर्फी अयोग्य ठरवून विद्यापीठाने त्याला १ कोटी १० लाख डॉलरहून अधिक रक्कम द्यावी असा निकाल दिला. तोवर तो अटलांटात, विद्यापीठाची वाट न धरणाऱ्या किशोरांच्या एका नव्या साखळीत शिकवत होता. २०२३मध्ये ब्रुकलिनला सहायक. फेब्रुवारी २०२४मध्ये तिथले मुख्य प्रशिक्षक जॅक व्हॉन यांना हटवले गेले आणि उरलेल्या मोसमापुरते ऑलीला पुढे केले. अठ्ठावीस सामने. अकरा जिंकले, सतरा हरले.

मी संपादकांना विचारले, हे शेवटी चार ओळींत जोडू का. मुलांच्या पुस्तकात नको, असे उत्तर आले, आणि अनुवादकाने मूळ लेखाला शेपूट लावू नये हे मलाही मान्य आहे. 'भटका' मात्र मी काढायला लावले. पहिल्या वाक्यात आता 'बदलीवर जगलेला खेळाडू' असे आहे आणि खाली बदली कामगारावर तीन ओळींची टीप आहे. टीप पुस्तकात राहावी म्हणून मला दोन पत्रे लिहावी लागली. तिचे पैसे मिळाले नाहीत. टिपा शब्दसंख्येत धरत नाहीत.

टीप बरोबर आहे का हे विचारायला मामांना फोन केला होता. ऐंशीला आले आहेत, ऐकू कमी येते. बास्केटबॉल म्हणजे काय इथपासून सांगावे लागले. गेटवरचे, पासाचे वाचून दाखवले, ते त्यांनी मान्य केले. 'मुकादम' या शब्दाजवळ एक शिवी घालायला सांगितली. मग ऑलीचे सगळे, ब्रुकलिनपर्यंत, ऐकून घेतले.

"मग? कायम केला का न्हाई त्याला?"

"नाही मामा. दुसरा आणला."

"बाहेरचा?"

"हो, बाहेरचा."

"आनि ह्यो?"

मी म्हटले, ह्याचे ठाऊक नाही, शोधून सांगते. ते म्हणाले, सांग. आणि यंदा जत्रेला येणार का न्हाईस ते पण सांग, मागल्या साली नुसतीच येते म्हणालीस.