किल्ली दिलीस का?

हा प्रश्न घरातून कधी गेला, कुणाच्या लक्षातही आले नाही. भिंतीवरच्या लंबकाच्या घड्याळाला आठवड्यातून एकदा, मनगटावरच्याला रोज सकाळी. विसरले की काटे थांबायचे. वेळ चालती ठेवणे हे घरात कुणाचे तरी काम होते. त्या कामाची अवजारे आणि माणसे एकेक करून उठून गेली. आठवतात तेवढी लिहून ठेवतो.

घटिकापात्र. तांब्याची वाटी, बुडाला बारीक भोक. पाण्याने भरलेल्या घंगाळात सोडली की हळूहळू भरत 24 मिनिटांत बुडायची. ती एक घटका. अहोरात्रीच्या अशा 60. लग्नघरी वाटीपाशी कुणीतरी डोळ्यांत तेल घालून बसायचे. बुडाली की काढायची, रिकामी करायची, पुन्हा सोडायची, कितवी ते ध्यानात ठेवायचे. त्याचा डोळा लागला तर मुहूर्त चुकला. वाटी गेली, तिची भाषा मात्र राहिली. ‘घटकाभर टेक’ म्हणताना किंवा कुणी शेवटच्या घटका मोजतो आहे असे सांगताना पाणी कुणाला दिसत नाही. ‘घटका भरली’ हे शब्द तर काठापर्यंत चढलेल्या पाण्याचेच आहेत.

तास. फारसीतून आलेला शब्द, जुना अर्थ धातूचे पसरट भांडे. त्यावर ठोके पडत आणि वेळ कळे. आमच्या शाळेत व्हरांड्यात रुळाचा तुकडा टांगलेला होता. शिपाईमामा त्यावर हातोडी मारायचे आणि गणिताचा तास संपायचा. शब्द इतकी शतके हिंडून पुन्हा लोखंडाच्या ठोक्यापाशीच आला होता, हे मला फार उशिरा कळले.

मुंबईची वेळ. 1906 मध्ये देशाला एक प्रमाणवेळ मिळाली, ग्रीनिचच्या साडेपाच तास पुढे. मुंबईने मात्र आपल्या डोक्यावरच्या सूर्याला धरून 39 मिनिटे मागे राहणे पसंत केले, ते थेट 1955 पर्यंत. प्रमाणवेळेने बारा वाजत तेव्हा मुंबईत अकरा एकवीस. एका शहराने जवळपास पन्नास वर्षे आपली दुपार सोडली नाही, हे मला आजही मोठे वाटते.

गिरणीचा भोंगा. ज्या चाळीत सगळ्यांना मिळून एक घड्याळ नसायचे, तिथेही तो वेळ पोचवायचा. 18 जानेवारी 1982 ला मुंबईच्या गिरणी कामगारांचा संप सुरू झाला. गिरणगावाची सकाळ त्यानंतर पूर्वीसारखी वाजली नाही. सांगली जिल्ह्यातल्या मोहित्यांच्या वडगावात अलीकडे भोंगा परत आला आहे: संध्याकाळी सातला वाजतो आणि दीड तास घरोघरचे टीव्ही, मोबाइल बंद होतात. वाचून बरे वाटले.

आकाशवाणीची टूं-टूं. बातम्यांआधी वडील घड्याळ हातात धरून बसत. किल्ली ओढलेली, मिनिटकाटा जागेवर आणलेला. शेवटच्या टूंला किल्ली आत. तेवढा वेळ घरात कुणी बोलायचे नाही.

एचएमटी जनता. 1961 मध्ये बंगळूरला जपानच्या सिटिझनच्या साहाय्याने एचएमटीचा घड्याळांचा कारखाना सुरू झाला. 2016 मध्ये घड्याळांचा व्यवसाय बंद करायचे ठरले. मधल्या काळात मॅट्रिक पास झालेल्या मुलांची आणि नव्या जावयांची मनगटे.

आणि घड्याळजी. आमचा बसायचा तो एका कापडदुकानाच्या पायरीवर. काचेची पेटी, डोळ्यात भिंग, चिमटा, पेट्रोलची वाटी, रबरी फुंकणी, सुटे भाग झाकायला काचेची घुमटी. जनतासारखे घड्याळ तासाला 18,000 ठोके देते, सेकंदाला 5. ते ठोके धरून ठेवणारी बालकमान खरोखरच केसाएवढी. तिच्याजवळची बारीक दांडी तो इतकी कमी सरकवायचा की ती हलली हे मला कधी दिसले नाही. पण दिवसाला मिनिट-दोन मिनिटांचा फरक तेवढ्यात पडायचा. मग घड्याळ तो लगेच द्यायचा नाही. चार दिवस ठेवून घ्यायचा: कधी उताणे, कधी पालथे, कधी खिळ्याला टांगून. पडून असलेले घड्याळ एका चालीने चालते, उभे दुसऱ्या. म्हणून विचारायचा, “रात्री कुठं ठेवता? उशाशी, की खुंटीला?” एकदा वडिलांना म्हणाला, “रेडिओवर ठेवत जाऊ नका.” घड्याळ रेडिओवर असते हे त्याला कुणी सांगितले नव्हते. स्पीकरमधल्या लोहचुंबकाने कमानीचे वेढे एकमेकांना चिकटतात आणि घड्याळ पुढे पळते. घड्याळाच्या पळण्यावरून त्याने आमच्या घरातली फळी ओळखली होती. क्वार्ट्‌झ आल्यावर त्याच्याकडे लोक सेल बदलायला येऊ लागले. दोन मिनिटांचे काम. चार दिवस ठेवून घेण्यासारखे त्यात काही नव्हते.

त्या पायरीवर आता मोबाइलची कव्हरे मिळतात.

वडिलांची जनता माझ्याकडे आहे. मागचे झाकण उघडले तर आतल्या बाजूला सुईने कोरलेल्या तीन तारखा दिसतात, तिन्ही त्याच्या हातच्या. घड्याळ उघडून साफ केले की घड्याळजी अशी खूण करून ठेवत, पुढे ते उघडणाऱ्यासाठी. शेवटची तारीख 1994 ची. घड्याळ आता दिवसाला चार मिनिटे मागे पडते. मी सकाळी किल्ली देतो, चार मिनिटे पुढे करतो. झाकणात तिसऱ्या तारखेखाली अजून जागा आहे.